माहितीपटातील जुने चित्रण: दुसऱ्या गावचे दृश्य आजीच्या आवाजाखाली ठेवावे का?

डिचोलीकर (प्रश्न)

नमस्कार. गेली दोन वर्षे मी गोव्यातील डिचोली तालुक्यातील आमच्या गावावर सुमारे 40 मिनिटांचा एक माहितीपट करीत आहे. माझ्या आजीच्या आठवणी हा त्याचा कणा आहे. 1961 साली ती वीस वर्षांची होती आणि नुकतीच लग्न होऊन या गावात आली होती. गोवा मुक्तीसाठी भारतीय सैन्य आत शिरले त्या 18 डिसेंबरच्या पहाटेविषयी ती फार बारकाईने सांगते. माघार घेणाऱ्या पोर्तुगीज सैन्याने डिचोलीचा पूल उडवला तेव्हा शिंकाळ्यातले दुधाचे भांडे कसे हलले, पुरुषमंडळी ओसरीवर कशी गप्प उभी राहिली, आणि नंतर दोडामार्गाकडून आलेले जवान कापणी झालेल्या शेतांच्या बांधावरून एकामागोमाग एक कसे चालत गेले, हे सारे तिच्या बोलण्यात येते. त्यांच्यापैकी एकाने मराठीत पाणी मागितले आणि घरातली भीती तिथेच सरली, असे ती सांगते.

यांपैकी कशाचेही चित्रण झालेले नाही. माझ्याकडे आहे ते त्या काळच्या समाचारचित्रांतील (न्यूजरीलमधील) सुमारे तीन मिनिटांचे तुकडे: सैन्याच्या गाड्या, पणजीतील गर्दी, तिरंगा. माझ्या संकलक मित्राने ते तुकडे आजीच्या निवेदनाखाली बसवले. परिणाम उत्तम झाला. ज्यांना कच्चा खर्डा दाखवला त्यांचे डोळे भरून आले. परंतु आजीने तो पाहिला आणि विचारले, ‘हा गाव कुठला?’ त्या प्रश्नाने माझी झोप उडवली आहे.

याशिवाय घरात एक छोटे रंगीत रीळ सापडले आहे. शेजारच्या एका तारवट्याने, म्हणजे बोटीवर नोकरी करणाऱ्या खलाशाने, बोटीवरून परत येताना आणलेल्या कॅमेऱ्यावर ते घेतले होते. त्यात मिरवणूक आहे, पताका आहेत, आजोबाही क्षणभर दिसतात. घरातले सगळे त्याला ‘मुक्तीचे रीळ’ म्हणतात.

माझा प्रश्न असा: जे दृश्य त्या गावचे नाही, त्या माणसांचे नाही, ते केवळ त्याच दिवसांचे आहे म्हणून आठवणीखाली ठेवणे योग्य आहे का? आणि योग्य नसेल, तर त्या जागी पडद्यावर काय ठेवावे?

रीळ आणि कात्री (उत्तर)

मी मुंबईत पुष्कळ वर्षे संकलनाचे काम केले आणि आता म्हापशाला राहतो. आपला प्रश्न मला वर्षानुवर्षे छळत आला आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

आपल्या हाती आलेले तीन मिनिटांचे तुकडे म्हणजे ‘त्या दिवशी जे घडले ते’ असे समजू नये. ते एका कारखान्यातून बाहेर पडलेले तयार उत्पादन आहे. समाचारचित्रांसाठी बाहेरगावी होणारे चित्रण बहुतेक मूक असे. टाळ्या, घोषणा, गाड्यांचा घरघराट हे आवाज नंतर ध्वनिसंग्रहातून घातले जात आणि वर निवेदकाचा भारदस्त आवाज चढवला जाई. पणजीच्या गर्दीचा म्हणून आपल्याला ऐकू येणारा आवाज पणजीचा असेलच, अशी खात्री कोणी देऊ शकत नाही. म्हणून माझी पहिली सूचना अशी की ते तुकडे आवाज पूर्ण बंद करून पुन्हा पाहावेत, शक्यतो एकट्याने आणि चार-पाच वेळा. मग निवेदनाने झाकलेल्या गोष्टी दिसू लागतात: कडेला उभा राहून कॅमेऱ्याकडे संशयाने पाहणारा माणूस, घोषणा न देणारी बाई, बंद दुकानाची फळी.

दुसरी गोष्ट वेगाची. जुने मूक चित्रण, विशेषतः घरगुती कॅमेऱ्यांवरचे, बहुधा सेकंदाला 16 किंवा 18 चौकटींच्या (फ्रेम्सच्या) वेगाने घेतलेले असते आणि आज ते 24 किंवा 25 चौकटींच्या वेगाने तसेच चालवले की माणसे तुरुतुरु पळू लागतात. प्रेक्षक हसतो, आणि ज्या माणसाला तो हसतो त्याच्या आयुष्यातला तो कदाचित सर्वांत गंभीर दिवस असतो. चित्रण 18 चौकटींचे असेल तर प्रत्येक तिसरी चौकट दोनदा दाखवली की 24 चा हिशेब नेमका बसतो. चाल किंचित अडखळते, परंतु माणूस माणसासारखा चालतो.

तिसरी गोष्ट चौकटीची. जुने चित्र 4:3 प्रमाणाचे असते. आजचा रुंद पडदा भरण्यासाठी ते मोठे केले की वरचा आणि खालचा मिळून चौथा हिस्सा कापला जातो. त्यात बहुधा पताका जातात आणि अनवाणी पाय जातात. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू द्याव्यात. त्यांची लाज वाटण्याचे काहीही कारण नाही.

आता मूळ प्रश्न. एखादे दृश्य कुठले आहे हे लपवले की ते हळूहळू दुसऱ्याच घटनेचा पुरावा बनते. सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनने 1928 च्या आपल्या चित्रपटात रशियन क्रांतीतील हिवाळी राजवाड्यावरच्या हल्ल्याचा प्रसंग नटांकडून आणि जमावाकडून उभा केला होता. पुढे कितीतरी माहितीपटांत तीच दृश्ये 1917 चे प्रत्यक्ष चित्रण म्हणून वापरली गेली आणि आज अनेकांच्या मनात क्रांतीचे जे चित्र आहे ते त्या पुनर्रचनेचे आहे. त्या माहितीपटांतून कोणी एक मोठे असत्य सांगितले असेल असे नाही. प्रत्येकाने फक्त ‘कुठले दृश्य’ हे लिहायचे टाळले. आपल्या माहितीपटात पणजीची गर्दी डिचोलीची झाली, तर पन्नास वर्षांनी गावातले कोणीतरी त्या गर्दीत आपल्या पणजोबांना शोधेल.

शेवटी एक विनंती. ते घरचे रीळ प्रोजेक्टरवर चालवू नका. त्याच्या काठाची छिद्रे भिंगाखाली पाहा आणि ती किती मोठी आहेत, चौकटीच्या कुठल्या बाजूला आहेत, ते इथे कळवा.

फोंड्याचा शिक्षक (उत्तर)

मी इतिहास शिकवतो. चित्रपटाचे तंत्र मला कळत नाही. पण आपल्या आजींच्या प्रश्नापुढे मी आणखी एक प्रश्न ठेवू इच्छितो: त्या दिवशी कॅमेरा कोणाच्या हातात होता?

गोव्याच्या बाबतीत हा प्रश्न टाळताच येत नाही. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीत येथील छापील मजकुरावर कडक सेन्सॉर होता. लग्नाच्या निमंत्रणपत्रिकेलाही तो चुकत नसे. अशा ठिकाणी सामान्य माणसाने रस्त्यावर कॅमेरा काढून सभेचे किंवा अटकेचे चित्रण करणे ही अशक्यप्राय गोष्ट होती. त्यामुळे त्या काळाचे जे चित्रण उरले आहे त्याचा मोठा भाग दोन सरकारांचा आहे. पोर्तुगीज सरकारच्या आश्रयाने निघालेल्या चित्रपटांत आपल्याला चर्च, कवायती, राज्यपालांचे दौरे, नारळीची बने आणि समाधानी प्रजा दिसते. भारत सरकारच्या समाचारचित्रांत सैन्य, झेंडा आणि जयघोष दिसतो. 18 जून 1946 रोजी मडगावात राममनोहर लोहिया बोलायला उभे राहिले, 15 ऑगस्ट 1955 रोजी सीमेवर निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळ्या झाडल्या गेल्या, या घटनांचे महत्त्व किती आणि त्यांची हलती चित्रे किती, याची तुलना करून पाहावी. 1955 पासून सहा वर्षे वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी सीमेबाहेरच्या रानातून गुप्त नभोवाणी केंद्र चालवले. रानात लपून काम करणाऱ्यांचे चित्रण करणार तरी कोण? ज्यांना लपावे लागते ते चित्रणात येत नाहीत, आणि ज्यांना मिरवायचे असते ते भरपूर येतात.

म्हणून आपल्या गावाचे चित्रण नाही ही उणीव समजून ती भरून काढू नये, असे मला मनापासून वाटते. ते का नाही, हेच आपल्या माहितीपटात सांगण्यासारखे आहे. क्लॉद लांझमान यांनी 1985 साली ज्यूंच्या संहारावरील आपल्या नऊ तासांहून मोठ्या माहितीपटात जुन्या चित्रणाची एकही चौकट वापरली नाही. साक्षीदारांचे चेहरे आणि आज दिसणाऱ्या त्या जागा, एवढ्यावरच त्यांनी सारे उभे केले. आपण इतके टोक गाठावे असे मी म्हणत नाही. परंतु बांध अजून आहेत, आणि ती ओसरीही असेल. डिसेंबरच्या पहाटे, कापणीनंतर, त्याच बांधावर कॅमेरा शांतपणे ठेवा आणि आजींचा आवाज ऐकू द्या.

याच्या उलट बाजूचे उदाहरणही सांगायला हवे, कारण जुने चित्रण गोळा करणाऱ्यांविषयी मला नितांत आदर आहे. ए. के. चेट्टियार यांनी महात्मा गांधींवरील आपल्या 1940 च्या माहितीपटासाठी देशोदेशी फिरून सुमारे 50,000 फूट चित्रण मिळवले. गांधीजी हयात असताना, हाताशी संगणक नसताना, पत्रे लिहून आणि बोटीने प्रवास करून त्यांनी हे केले. तो माणूस त्या दृश्यांमागे गेला नसता तर कित्येक तुकडे कुठल्या गोदामात कुजले असते ते सांगता येत नाही.

मांडवीकाठ (उत्तर)

वरील दोन्ही उत्तरे मी आदराने वाचली, तरीही मला थोडे वेगळे मांडायचे आहे. प्रेक्षक इतका भाबडा नसतो. आजींच्या आवाजाखाली सैन्याच्या गाड्या दिसल्या म्हणजे त्या नेमक्या त्यांच्याच दारावरून गेल्या, असे कोणी मानत नाही. त्याला काळ दिसतो: गाड्यांची ठेवण, माणसांचे कपडे, उन्हाची जात. 18 च्या संध्याकाळी सैन्य पणजीसमोर मांडवीपलीकडे असलेल्या बेतीच्या काठावर पोहोचले, 19 च्या सकाळी नदी ओलांडून पणजीत आले आणि त्याच दिवशी गव्हर्नर जनरल वासालु इ सिल्वा यांनी शरणागती पत्करली. हा क्रम ज्याला ठाऊक नाही अशा आजच्या तरुण प्रेक्षकाला केवळ रिकामे शेत दाखवले तर त्याला त्या दिवसाचा आवाका कळणार कसा? माझा एक नातू पुण्यात शिकतो. गोवा 1947 साली स्वतंत्र झाला नव्हता, हे त्याला मी सांगेपर्यंत माहीत नव्हते. त्याच्यासाठी ती गर्दी दिसायलाच हवी.

म्हणून समाचारचित्र ठेवावे, मात्र आजी बोलत असताना नको. त्याला स्वतंत्र जागा द्यावी, खाली ‘पणजी, डिसेंबर 1961, भारत सरकारचे समाचारचित्र’ असे स्पष्ट लिहावे आणि त्याचे मूळ निवेदनही ऐकू द्यावे. सरकार त्या दिवसाविषयी कसे बोलत होते हे त्या स्वरातच कळते. मग आजी. दोन आवाज एकमेकांशेजारी आले की प्रेक्षक स्वतः तुलना करील.

डिचोलीकर

सर्वांचे मनापासून आभार. ‘मांडवीकाठ’ यांची सूचना मला पटते आहे आणि बांधावरच्या पहाटेची तर मी आता वाटच पाहतो आहे.

रिळाविषयी: छिद्रे अगदी लहान, आयताकृती आहेत आणि प्रत्येक चौकटीच्या मध्यासमोर एक अशी आहेत. रंग आश्चर्य वाटावे इतके ताजे आहेत. डबा उघडला तेव्हा विनाग्रीसारखा (व्हिनेगरसारखा) वास मात्र आला नाही.

रीळ आणि कात्री

मग एक गोष्ट सांगणे भाग आहे, आणि ती आपल्या घरच्यांना सांगताना जपून सांगावी. लहान छिद्र आणि तेही चौकटीच्या मध्यासमोर, म्हणजे हे सुपर 8 आहे. जुन्या साध्या 8 मिलिमीटर फिल्मची छिद्रे मोठी असतात आणि दोन चौकटींच्या सीमेवर येतात. सुपर 8 हा प्रकार कोडॅकने 1965 साली बाजारात आणला. त्यामुळे हे रीळ 1961 चे असूच शकत नाही.

फिल्मच्या काठावर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा बारीक खुणा छापलेल्या दिसतील. कोडॅकच्या फिल्मवर त्यांवरून ती कोणत्या वर्षी तयार झाली ते कळते. खुणांचे चक्र 20 वर्षांनी पुन्हा फिरते, त्यामुळे दोन शक्य वर्षे मिळतात आणि त्यांतले खरे कोणते ते चित्रातील कपड्यांवरून, वाहनांवरून ठरवावे लागते. रंग ताजे आहेत यावरून ती कोडॅकची कोडाक्रोम ही रंगीत फिल्म असावी. अंधारात ठेवलेल्या कोडाक्रोमचे रंग फार टिकतात. वास नाही ही उत्तम बातमी आहे, कारण ॲसिटेटची फिल्म आतून विघटित होऊ लागली की ॲसिटिक आम्ल सुटते (विनाग्रीचा वास त्याचाच) आणि मग ती आक्रसते, वाकते, आणि शेजारच्या रिळांनाही घेऊन जाते. आपल्या पावसाळ्यात ही प्रक्रिया झपाट्याने होते, शिवाय बुरशी वेगळीच. रीळ कोरड्या, थंड जागी ठेवावे आणि मिरगापूर्वी स्कॅन करून घ्यावे. स्कॅन करणाऱ्याला चौकटीबाहेरचा काठ आणि छिद्रेही घ्यायला सांगा. सुपर 8 च्या 50 फुटी पाकिटात 18 चौकटींच्या वेगाने जेमतेम 3 मिनिटे 20 सेकंद मावतात. त्या माणसाने प्रत्येक वेळी बटण दाबताना विचार केलेला आहे, हे बघताना लक्षात ठेवा.

हक्कांची वही (उत्तर)

थोडक्यात कायद्याचे. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटावरील हक्क तो प्रकाशित झाल्याच्या पुढील वर्षारंभापासून 60 वर्षे टिकतो. 1961 साली प्रकाशित झालेल्या भारतीय समाचारचित्रावरील हक्क म्हणजे 2021 च्या अखेरीस संपला.  तथापि हक्क संपला म्हणून चांगली प्रत घरबसल्या हातात येत नाही. ती ज्यांच्या तिजोरीत आहे त्यांच्याकडे अर्ज करून, शुल्क भरूनच घ्यावी लागते. फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय ही दोन्ही 2022 पासून एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाली आहेत, तेव्हा पत्रव्यवहार तिकडे करावा. लिस्बनचे चित्रपट संग्रहालय किंवा तेथील सरकारी दूरचित्रवाणीचा संग्रह यांतील काही घेणार असाल तर तिकडचा कायदा वेगळा आहे. त्यांची लेखी परवानगी घ्या.

घरच्या रिळाबाबत सर्वजण चुकतात. रीळ आपल्या कपाटात सापडले म्हणून त्यावरचा हक्क आपला होत नाही. ते ज्यांनी घेतले त्या शेजाऱ्यांच्या वारसांकडून आजच दोन ओळी लिहून घ्या.

डिचोलीकर

लेखी परवानगी मिळाली. त्या तारवट्यांच्या मुलीने सही करताना विचारले की त्यात तिचे वडील दिसतात का. दिसत नाहीत, कारण संपूर्ण वेळ कॅमेरा त्यांच्याच हातात होता. एका ठिकाणी मात्र त्यांची सावली अंगणात पडलेली दिसते. ती चौकट मी तिला छापून देणार आहे.

रीळ स्कॅन होऊन आले. काठावरची खूण नीट वाचता आली नाही, पण तिची आता गरज उरलेली नाही. मिरवणुकीतल्या फलकांवर फूल रंगवलेले आहे. गोवा महाराष्ट्रात विलीन करावा का यावरच्या जनमत कौलात विलीनीकरणाच्या बाजूचे चिन्ह फूल होते आणि विरोधी बाजूचे दोन पाने. म्हणजे हे चित्रण 16 जानेवारी 1967 च्या मतदानाआधीचे, प्रचाराच्या दिवसांतले आहे. माझे आजोबा फूल रंगवलेली पताका घेऊन चालले आहेत आणि हसत आहेत. पुढे 34,021 मतांनी ती बाजू हरली. आमच्या घरात या हरण्याविषयी मी कधी कोणाला बोलताना ऐकले नाही. गेली कित्येक वर्षे घरातले सगळे या रिळाला मुक्तीचे रीळ म्हणत आले आणि त्यात कोणी जाणूनबुजून खोटे बोलले असे मला मुळीच वाटत नाही.

आजीला सांगितले तेव्हा ती बराच वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ‘ते असेल तुझे सदुसष्टचे. पण ते हसतात ते मुक्तीचेच आहे.’ हे वाक्य मी ध्वनिमुद्रित केलेले नाही आणि तिला ते पुन्हा म्हणायला लावण्याची माझी इच्छा नाही.

एवढे ठरवले आहे: समाचारचित्र स्वतंत्र, त्याच्या स्वतःच्या निवेदनासह आणि ठिकाणाच्या उल्लेखासह. आजीच्या पहाटेसाठी बांध. घरचे रीळ पूर्ण 3 मिनिटे, न कापता, छिद्रांसह, मूक आणि 1967 च्या जनमत कौलाच्या प्रचाराचे अशा नोंदीसह. त्याआधी घरातले त्याला काय म्हणत आले हे आजीच्या जुन्या मुलाखतीतल्या तिच्याच शब्दांत.

एक मदत हवी आहे. मिरवणूक ज्या देवळासमोरून जाते त्याची दीपमाळ चौकटीत दिसते, पण देऊळ ओळखू येत नाही. त्याच्या डाव्या हाताला पाण्याची बांधीव तळी आणि उजवीकडे एक मोठा पिंपळ आहे. साखळी, डिचोली किंवा मये या बाजूचे कोणी असल्यास मी तीन चौकटी येथे ठेवत आहे, कृपया घरातल्या वडीलधाऱ्यांना दाखवाव्यात.